जांबाचा पाला आणि अकरा काड्या

आमच्या घरात अकरा काड्या होत्या आणि त्या रोज जेवत असत, एवढं वाचकांनी सुरुवातीलाच मान्य करावं. मग पुढचं सगळं सोपं आहे. ज्यांना ते जड जाईल त्यांनी आमच्या आत्याला भेटावं. तिलाही पंधरा दिवस मान्य नव्हतं. सोळाव्या दिवशी तिनं त्यांतली एक काडी चूल पेटवायला उचलली आणि काडीनं सहा पाय हलवले. तेव्हापासून आत्या आमच्या बाजूची आहे.

हे प्राणी आमच्या शाळेत आणले ते सोमला राठोड सरांनी. सर मानोऱ्याकडच्या एका तांड्यातले, विज्ञान शिकवतात. दिवाळीच्या सुटीहून येताना खडूच्या खोक्यात अकरा काडीकिडे घेऊन आले. काडीकिडा अंगानं हुबेहूब वाळकी काडी असतो. दिवसभर हलत नाही, कोणाच्या भानगडीत पडत नाही, पाला खातो आणि गप्प बसतो. शेजारी म्हणून आमच्या आळीत असे चार जरी राहायला आले असते तरी खूप झालं असतं. सर म्हणाले, यांच्यात नर जवळजवळ सापडतच नाही, सगळ्या माद्याच, आणि त्यांचं काही अडत नाही. मुलांच्या बाकांवर अचानक पुस्तकं उघडली गेली. मी ही माहिती घरी येऊन सांगितली. आई म्हणाली, "काहीबी शिकवतेत." आत्या, जिचं नाव दुर्गाबाई आणि जिला नवऱ्याचं घर सोडून वीस वर्षं झाली, ती भाकर थापता थापता म्हणाली, "मंग सुखात असतीन."

डिसेंबरात अकोल्याला जिल्हा विज्ञान प्रदर्शन होतं. शाळेतून एकच विद्यार्थी जायचा होता. आजवर जो कोणी गेला तो मुलगाच गेला. राठोड सरांनी माझं नाव सुचवलं, आणि लगेच त्यांना अमरावतीला तीन महिन्यांच्या प्रशिक्षणाचा हुकूम आला. जाताना त्यांनी खोकं माझ्या हातात दिलं. "विशाखा, हे जांबाचा पाला खातात. दुसरं काही खात नाहीत. ताजा लागतो." जांब म्हणजे पुस्तकातला पेरू. मग हेडमास्तरांनी मला बोलावलं. ते म्हणाले, "प्रदर्शनाच्या दिवशी किडे जिवंत असले तर तू जाशील. नसले तर दहावीतला जगदेव त्याची विजेची घंटा घेऊन जाईल. घंटा मरत नाही." शेवटचं वाक्य त्यांनी विनाकारण म्हटलं असं मला वाटतं.

अकोला मी पाहिलेलं नव्हतं. रिसोडपर्यंत गेले होते, तेही कान फुटला म्हणून. तेव्हा त्या अकरा काड्यांवर माझं सगळं टांगलेलं होतं, हे काड्यांना सोडून सर्वांना कळलं होतं.

आता गावाची अडचण. गावाचं नाव मी लिहीत नाही, कारण या गोष्टीत पुढे एक डॉक्टरसाहेब येणार आहेत आणि त्यांची बदली अजून व्हायची आहे. गावात चिंच आहे, कडुलिंब आहे, बाभळी तर मोजवत नाहीत. जांबाचं झाड मात्र एकच, तेही दोन कोसांवर उकंडरावांच्या विहिरीपाशी. उकंडराव म्हणजे तीस एकरांचे मालक, पांढरी टोपी, आणि झाडाच्या बाबतीत आईचं काळीज. बाबांनी मला बजावलं होतं, विचारल्याशिवाय कोणाच्या वावरातल्या काडीलाही हात लावायचा नाही. म्हणून मी विचारायला गेले.

"कायले पायजे पाला?" उकंडराव म्हणाले. "बकरी घेतली का बापानं?"

"किड्यांना पाहिजे."

त्यांनी मला नीट पाहून घेतलं. "लोकं किडे मरावं म्हणून फवारे मारून राह्यले, अन् तू त्यायले जेवू घालून राह्यली?"

पण माणूस भला. रविवारच्या बाजाराला त्यांची बैलगाडी गावात येते. दर रविवारी एक फांदी आणून देईन, म्हणाले. एकच. सोमवारी मागायची नाही. मी हो म्हणाले, आणि घरी येईपर्यंत माझ्या लक्षात आलं की रविवार ते रविवार ताजा राहणारा पाला जगात अजून निघायचा आहे.

पहिल्या आठवड्यात मी फांदी पाण्याच्या बाटलीत उभी केली. सोमवारी पाला हिरवा होता, मंगळवारी वाकला, बुधवारी एक काडीकिडा बाटलीत उतरून बुडाला. उरले दहा. आई म्हणाली, "बाटली कायले? माह्या सांबार पाय, आठ दिवस जशाचा तसा राह्यते." सांबार म्हणजे कोथिंबीर, हे बाहेरगावच्या वाचकांसाठी. आईच्या पद्धतीनं पाला ओल्या फडक्यात गुंडाळून माठाखाली ठेवला. शुक्रवारी फडकं उघडलं तर आत काळा लगदा. त्या आठवड्यात दोघी गेल्या. आई दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. तिचं म्हणणं, सांबाराला इतक्या वर्षांत असं झालं नाही, किड्यांचीच नियत खराब. आत्या म्हणाली मेथीसारखा वाळवून ठेव. वाळवला. काडीकिड्यांनी त्याच्याकडे पाठ केली. त्यांची पाठ आणि पोट सारखंच दिसतं, पण मला कळलं.

उरले आठ. एवढ्यात शाळेत पत्र आलं, प्रदर्शन डिसेंबरऐवजी जानेवारीत. हेडमास्तरांनी ते परिपाठाला वाचून दाखवलं. जगदेवनं माझ्याकडे पाहून बोटानं हवेत घंटेचं बटण दाबलं.

तेव्हा मला शीतकपाट आठवलं.

माझे बाबा, देवमन इंगोले, गावच्या सरकारी दवाखान्यात कंपाउंडर आहेत. दवाखान्यात घासलेटवर चालणारं एक शीतकपाट आहे. खाली दिवा जळतो आणि वर थंडी तयार होते. गावातले शहाणे लोक याच्याबद्दल फारसं बोलत नाहीत, कारण समजावून सांगता येत नाही. त्यात लस असते आणि त्याची किल्ली बाबांच्या जानव्याला, असं लिहिणार होते, पण आम्ही बौद्ध, आमच्यात जानवं नसतं, तेव्हा करदोड्याला असते.

"बाबा, एका कोपऱ्यात पाला ठेवा ना."

"नियमात बसत नाही."

"कोणत्या नियमात?"

"तेच पाहावं लागन," बाबा म्हणाले. "तू अर्ज कर."

मी अर्ज केला. मा. वैद्यकीय अधिकारी साहेब यांचे सेवेशी. विषय: पाला ठेवण्यास परवानगी मिळणेबाबत. डॉक्टरसाहेबांनी त्यावर शेरा मारला, 'कंपाउंडर यांनी चौकशी करून अहवाल सादर करावा.' त्या दिवशी बाबा घरी आले, हातपाय धुतले, आणि रोज बनियनवर बसतात तर त्या दिवशी शर्ट घालून माझ्यासमोर बसले.

"अर्जदाराचं नाव?"

"बाबा!"

"नाव सांग."

"विशाखा देवमन इंगोले."

"पाला किती? कायचा? कोणासाठी?" सगळं लिहून घेतलं. आत्या दारातून म्हणाली, "देवमन, पोरगी तुयीच हाय, लिहून घे." बाबांनी वर पाहिलं नाही. शेवटी त्यांनी लिहिलं, 'अर्जदार माझ्या परिचयाची आहे. वर्तणूक साधारण.' साधारण! घरात तीन वर्षं मी पाणी भरते आणि वर्गात पहिली येते. मी विचारलं तर म्हणाले, "उत्तम लिहिलं तर पक्षपात दिसते."

आठ दिवसांनी परवानगी आली. अटी तीन. पाला वर्तमानपत्रात गुंडाळलेला असावा, त्याची वहीत नोंद असावी, आणि 'पाला लसीस शिवू नये.' बाबा त्या वाक्यापाशी जरा थांबले. मग त्यांनी साहेबांची परवानगी घेऊन 'शिवू' खोडलं आणि वर 'लागू' लिहून सही केली. मला तेव्हा वाटलं बाबा उगाच वेळ काढतायत.

शीतकपाटात पाला जसाच्या तसा राहिला. आठव्या दिवशीही पानावर नख मारलं तर पाणी यायचं. काडीकिडे कराकरा खाऊ लागले. प्रदर्शन जानेवारीतून फेब्रुवारीत ढकललं गेलं, मी हसले. एक वर्ष ढकला म्हटलं असतं मी. माणसाला एवढी खात्री वाटायला लागली की त्यानं घराच्या आढ्याकडे पाहावं, काहीतरी पडणार असतं.

पडलं ते जीपमधून. एका बुधवारी जिल्ह्याहून कोणी मोठे साहेब अचानक तपासणीला आले. ओसरीत वीसेक रोगी बसलेले. साहेबांनी शीतकपाट उघडायला लावलं, बाबांनी उघडलं, आणि वर्तमानपत्राची पुडी साहेबांनी स्वतः सोडली.

"हे काय?"

बाबांना खोटं बोलता येत नाही आणि साहेबांसमोर जास्तही बोलता येत नाही. ते म्हणाले, "जांबाचा पाला, साहेब. प्रयोग चालू आहे. लेखी परवानगी आहे. नोंदवही दाखवू?"

नोंदवही पाहायला साहेबांना वेळ नव्हता. "उत्तम," ते म्हणाले, "गावोगाव असं पाहिजे," आणि जीपमध्ये बसून गेले. बाबा दिवसभर खुशीत होते. त्यांना वाटलं प्रकरण संपलं.

ओसरीत मात्र आमच्या शेजारच्या गोजराबाई बसल्या होत्या, गुडघे धरून. त्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं. जिथे फक्त इंजेक्शनं राहतात त्या कपाटात जांबाचा पाला, कागदात गुंडाळलेला, कुलपात ठेवलेला. त्यावर जिल्ह्याचा साहेब उत्तम म्हणतो. संध्याकाळी त्या विहिरीवर सांगत होत्या, "घासलेट जाळू जाळू जे थंड ठेवतेत, ते काय साधं असन? आपल्याले पांढऱ्या गोया देतेत अन् खरं औषध आतमंदी ठेवतेत."

"मायबाई! सुई टोचतेत ते?"

"तेच. पानातूनच काढतेत."

मी तिथेच घागर भरत होते. मी सांगितलं की गोजराकाकू, तो पाला किड्यांसाठी आहे. सगळ्या बायका माझ्याकडे मायेनं पाहू लागल्या. गोजराबाई म्हणाल्या, "हो माय, तुले तसंच सांगायले सांगतलं असन."

गुरुवारी सकाळी दोन कोस चालून पाच जण उकंडरावांच्या विहिरीवर पोचले. दुपारी वीस. शुक्रवारी बायका गाठोडी घेऊन गेल्या. कोणी पाला उकळून प्याला, कोणी वाटून गुडघ्याला लावला, कोणी उशाखाली ठेवला. सगळ्यांत वाईट म्हणजे गोजराबाईंचे गुडघे खरोखर बरे झाले. दोन कोस जाऊन दोन कोस आल्यानं झाले की पाल्यानं, हा विज्ञानाचा प्रश्न आहे आणि सर अमरावतीला होते.

शनिवारी उकंडराव दवाखान्यात आले. टोपी हातात. "देवमन, झाड नागडं केलं रे लोकायनं. एक पान ठेवलं नाही. मी काठी घेऊन बसलो तर माही सासूच मांगून आली अन् वरबाडून गेली." मग त्यांनी इकडे तिकडे पाहिलं, आवाज खाली आणला आणि विचारलं, "माह्या कंबरेचं हाय. किती पानं घेऊ?"

सोमवारपर्यंत दवाखान्यात गोळ्या घ्यायला कोणी तयार होईना. "आमाले कपाटातलं द्या," म्हणत. डॉक्टरसाहेबांनी टेबलावर हात आपटला. "इंगोले, तो पाला आत्ताच्या आत्ता बाहेर काढा." बाबांना तोंडी ताकीद मिळाली. ती तोंडी दिल्याबद्दलचं लेखी पत्रही मिळालं. बाबांनी ते घडी घालून ट्रंकेत ठेवलं आणि मला काही म्हणाले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. मी पुडी घेऊन घरी आले. आधीच्या शुक्रवारी, झाड साफ होण्याच्या ऐन वेळी, उकंडरावांनी माझ्या वाट्याची फांदी दोन दिवस आधीच तोडून धाडली होती, तीच ही. मोजली तर शहाण्णव पानं. काडीकिडे आठ, रोज प्रत्येकी एक पान. प्रदर्शनाला नऊ दिवस. हिशोबात पानं पुरत होती, पण शीतकपाटाबाहेर टिकणार नव्हती. झाडाला पालवी फुटायची कधी, ते झाडालाच माहीत.

जगदेव घरी येऊन घंटेची नवी तार दाखवून गेला. मी ती चांगली आहे असं म्हणाले. मोठ्या मनानं नाही, दुसरं काही सुचलं नाही म्हणून.

त्या संध्याकाळी आत्या पानाचा डबा उघडून बसली होती. मी तिच्याकडे बघत राहिले. डब्यातलं पान हिरवंगार, टवटवीत.

"आत्या, ही पानं कधी झाडावरून काढली?"

"मले काय माहीत? बाबूलालले इचार. थो तर पंधरा दिवसाचं पान बी आताच तोडल्यावानी देते."

गावात अडीच महिने मी सगळ्यांना विचारलं, आणि ज्या माणसाचा जन्म पाला ताजा ठेवण्यात गेला त्याला तेवढं विचारायचं राहिलं. कारण साधं आहे. पानाच्या ठेल्यावर मुली उभ्या राहत नाहीत. आईनं तेच सांगितलं. "बाबांले पाठव." बाबा गेले असते, पण बाबांनी आयुष्यात पान खाल्लेलं नाही, ताकीद मिळाल्याच्या दिवशी ते ठेल्यावर दिसले असते तर गावानं दुसरंच काही ठरवलं असतं. मी वेणी घट्ट घातली आणि गेले. ठेल्यावर चार जण होते. ते बोलायचे थांबले.

बाबूलाल चुना कालवत होते. "काय पायजे, बेटी? दुर्गाबाईचं पान?"

"पाला कसा ठेवायचा ते पाहिजे."

चौघांतला एक हसला. बाबूलालनं त्याच्या हातावर पान ठेवलं, म्हणजे जा. मग त्यांनी माझी पुडी सोडून एक पान उजेडात धरलं, वासही घेतला. "कागदात गुंडाळलं? याचा जीव घुसमटून राह्यला." आणि वेताची टोपली पुढे ओढली.

पुढचा पाऊण तास मी ठेल्यावर उभी होते, रस्त्याच्या बाजूला तोंड करून. टोपलीला आतून तरट लावायचं. तरट भिजवून इतकं पिळायचं की थेंब गळू नये. पानं पुसून कोरडी करायची, एकावर एक कौलांसारखी लावायची, देठ बाहेरच्या बाजूला. आणि रोज सकाळी सगळी पलटायची, एक अन् एक, वरचं खाली, खालचं वर.

"पानाले पाणी नाई पायजे," बाबूलाल म्हणाले. "पाण्याचा गारवा पायजे. अन् डाग दिसला का कैचीनं काटायचा. दया नाही करायची. एक सडकं पान साऱ्या टोपलीले हाक मारते."

"रोज सगळी पलटायची? शहाण्णव?"

"मी दोन हजार पलटतो. तू काय शाळेत जाते म्हणून तुह्या हाताले लाज हाय?"

मी नऊ दिवस पहाटे उठून पानं पलटली. आई आधी बघत राहिली, मग तरट पिळून द्यायला लागली. ते तिनं इतकं पिळलं की सांबाराचा अपमान तिच्या मनातून गेला नव्हता हे दिसत होतं. बाबांनी टोपलीवर तारीख लिहून चिठ्ठी लावली. वहीही घातली. सवय.

प्रदर्शनाच्या दिवशी शाळेनं दिलेल्या काचेच्या पेटीत आठही जणी जिवंत होत्या. हेडमास्तरांनी चष्मा लावून मोजल्या, एक खरी काडीही मोजली आणि नऊ म्हणाले. मी दुरुस्त केलं नाही. राठोड सर अमरावतीहून थेट अकोल्याला आले. मी एस.टी.तून मांडीवर टोपली, पायाशी पेटी अशी गेले. कंडक्टरनं टोपलीत काय म्हणून विचारलं. मी पाला म्हणाले. तो लगेच म्हणाला, "गुडघ्याचा?"

अकोल्यात सभागृहात साठ टेबलं होती. माझ्या शेजारी कुठल्यातरी शाळेची विजेची घंटा होती. ती दिवसभर वाजत होती आणि सगळे तिच्याभोवती होते. तीन परीक्षक माझ्यासमोर आले तेव्हा दुपारचे दोन वाजले होते.

"पेटी रिकामी आहे," पहिले म्हणाले.

मी बोटानं दाखवलं. एक, दोन, तीन. तिघे वाकले.

"हलत नाहीत."

"दिवसा हलत नाहीत सर. हलल्या तर पक्षी खातील."

"इथे पक्षी नाहीत," दुसरे म्हणाले. त्यांनी टोकरलं, तर ती काडी पाय आवळून खाली पडली. "मेली."

"सोंग करते सर."

ते पाच मिनिटं थांबले. काडीकिड्यांनी सोंग सोडलं नाही. माझ्या आठही जणींना त्या दिवशी जगण्याचं एवढं एकच काम होतं, आणि तेही त्यांनी मेल्यासारखं केलं. परीक्षक वळले. शेजारची घंटा वाजतच होती.

तिसरे परीक्षक, शेतकी कॉलेजातले म्हातारे गृहस्थ, मात्र टेबलाखालच्या टोपलीपाशी थांबले. त्यांनी एक पान उचललं, मोडलं. "हा पाला सकाळी कुठून आणला?"

"बारा दिवसांचा आहे सर. नऊ दिवस याच टोपलीत."

"शक्य नाही."

मी बाबांची वही दाखवली. तारखा, उरलेली पानं, काढलेली पानं, खाली सही. मग मी बोलायला लागले. तरट, कौलं, देठ, गारवा, सडक्या पानाची हाक. पहिले दोघे परत आले. घंटेपासची काही माणसंही आली. मी मध्ये एकदाही अडखळले नाही.

मला दुसरा नंबर मिळाला. विभाग, शेतमाल व भाजीपाला साठवण. पहिला कांद्याच्या चाळीला. प्रमाणपत्रावर काडीकिड्यांचा उल्लेख नाही. सोबतच्या पत्रात लिहिलं आहे की एप्रिलमध्ये नागपूरला पुढची फेरी आहे, प्रात्यक्षिकासाठी पाला आणावा, किडे आणू नयेत. प्रमाणपत्रासाठी तिथेच भरायच्या फॉर्मात मार्गदर्शकाचं नाव विचारलं होतं. मी बाबूलाल लिहिलं. सोबत आलेल्या हेडमास्तरांनी ते खोडायला पेन काढलं, पण राठोड सरांनी त्याच पेनानं खाली आपली सही करून टाकली.

गावात परतल्यावर मी आधी घरी गेले नाही. ठेल्यावर गेले. सात-आठ जण होते. मी प्रमाणपत्र उघडून बाबूलालच्या समोर धरलं. नाव वाचून दाखवलं, त्यांचंही. सगळ्यांनी माना वळवून ऐकलं. बाबूलालनं हात पुसले, कागदाला हात लावला नाही, चुना लागेल म्हणून.

"पानं कितीक सडली?" त्यांनी विचारलं.

"आठ."

"शहाण्णवात आठ?"

"हो." मी छाती पुढे काढून उभी होते.

बाबूलालनं ओठ मिटून मान हलवली. "लय झाले, बेटी. थंडीच्या दिवसात आठ म्हणजे लय झाले. एप्रिलात तर टोपली काळी होईन तुही." त्यांनी ठेल्यामागची मोठी टोपली पायानं माझ्याकडे सरकवली. "उद्या पहाटे येजो. अन् ते वेणी अंबाड्यात बांधून ये, पानात केस येते."